रेवाची दुसरी आजी

६ जुलै, रविवार
पुण्याला व्हिडिओ कॉल. समोर विहीणबाई. रेवाला विचारलं, काय करतेस गं? पोरगी एकदम खुश होऊन बोलली, "मी पोहे खाऊन राहिली. जीरावन मसाला टाकून. आणि बिल्ली छतावरून भागून गेली."

विहीणबाई इतकं हसल्या की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. "अगं सायली, ही मराठी आहे की काय आहे?" सूनबाईचं तोंड उतरलं. मला तर काही चुकीचं ऐकू आलं नाही. बिल्ली खरंच भागून गेली होती. तीन वर्षांची पोर इतकं लांब बोलते, त्याचं कोणाला काही नाही.

९ जुलै, बुधवार
सायली (पुढे सा. लिहीन, बोटं दुखतात) आज कॉलेजातून आल्यावर माझ्याजवळ येऊन बसली. बोलली, "आई, रेवा दिवसभर तुमच्याजवळ असते. भाषा तुमचीच घेणार. बाहेर सगळी हिंदी, शाळेत इंग्लिश. घरातली तरी नीट नको का?"

नीट. आमची पाचवी पिढी इंदुरात. पणजोबा दरबारच्या फौजेत आले ते इथलेच झाले. इतकी वर्षं ह्याच मराठीत लग्नं झाली, भांडणं झाली, मयतं झाली. कोणाचं काही अडलं नाही. पण हे तोंडावर नाही बोलली. पोरगी वाईट नाही, मनापासून बोलते. आणि माझ्या नि.नेच, म्हणजे निखिलने, मान हलवली. त्याला तर काय, बायको बोलली की मान हलते.

१३ जुलै, रविवार
टॅब आला. पिवळं रबरी कव्हर, वर दोन कान. आत मैनाताई नावाची वेणीवाली मुलगी. बोलते, ऐकते, उत्तर देते. सगळं शुद्ध. रेवा बरोबर बोलली की "शाबास रेवा" आणि वरून एक तारा पडतो. चुकलं की टुंग. मग "पुन्हा एकदा म्हणूया."

मी बाजूला बसून भेंडी चिरत होती. बोलली, "बेटा, ती कटोरी वापस दे मला." टॅबमधून टुंग. माझ्यावर. तिघंही हसली. मी पण हसली, काय करणार.

२० जुलै, रविवार
नवीन कायदा निघाला. रेवासमोर फक्त शुद्ध मराठी. सा.ने आधी आल्याचा चहा करून दिला, मग सांगितलं. "जमेल तेवढं बोला आई. अडलं तर मैनाताई आहेच."

मतलब तोंड बंद. नि.लाही तोच कायदा. तो तर माझ्यापेक्षा जास्त खिचडी बोलतो, वरून ऑफिसची इंग्लिश. आज जेवताना त्याला भाजी पाहिजे होती तर बोट दाखवून राहिला होता. चाळिशीला आलेला माणूस.

२ ऑगस्ट, शनिवार
घरात तीन मोठी माणसं आणि बोलतो कोण, तर टॅब.

मी आता तोंड उघडायच्या आधी डोक्यात वाक्य फिरवते. फिकर नको, काळजी. परेशान नको, त्रास. वापस नको, परत. वाक्य तयार होईपर्यंत पोरगी उठून गेलेली असते. भाजीवाला आला की मी गेटवर जास्त वेळ उभी राहते. उगीच भाव करते. त्याच्याशी बोलून घेते.

नि. ऑफिसमधून येतो, रेवाच्या डोक्यावर हात ठेवतो, आत जातो. आधी यायचा तर दारातूनच "कहां गई मेरी शेरनी" ओरडायचा आणि ती सोफ्याच्या मागे लपायची. तो खेळ बंद झाला. कोणी बंद कर म्हटलं नाही, बस बंद झाला.

१४ ऑगस्ट, गुरुवार
रेवा मला बोलली, "आजी, कृपया मला पाणी दे."
कृपया. माझ्या घरात.
खोटं कशाला लिहू, कौतुकही वाटलं. इतकं स्वच्छ, एकेक शब्द धुऊन ठेवल्यासारखा. सा.ने लगेच पुण्याला फोन लावला. विहीणबाईंनी परत बोलायला लावलं. ती बोलली. मग टॅबकडे बघितलं. तारा पडला तेव्हाच पाणी प्यायली.

३० ऑगस्ट, शनिवार
मंडळाच्या गणपतीत लहान मुलांचा कार्यक्रम. रेवाने माईकवर ससा आणि कासवाची गोष्ट सांगितली, एक शब्द न अडता. लोक मागे वळून बघत होते कोणाची पोर आहे म्हणून. मला छाती फुटेल असं झालं. सा. रडत होती.

गोष्ट संपली, टाळ्या झाल्या, पण ती खाली येईना. तिथेच उभी, मान वर करून. पुढचा मुलगा येऊन उभा राहिला तरी नाही. मी हात केला, नि.ने हात केला. बघतच नाही. लोकांना वाटलं लाजली. मग सा.ला समजलं. पर्समधून टॅब काढला, वर धरला. "शाबास रेवा." तेव्हा उतरली.

येताना ऑटोत सगळे खुश. मी काही बोलली नाही. बोलायचं म्हणजे पुन्हा शब्द निवडा.

९ सप्टेंबर, मंगळवार
आज जे बघितलं ते लिहून टाकते, नाही तर डोक्यातच घुमत राहील.

रेवा दाराच्या उंबऱ्यावर आपटली. ओठ फाटला. मी स्वयंपाकघरातून पळत आली. आणि पोरगी माझ्या बाजूने निघून गेली. सरळ टॅबकडे. रडत नव्हती. बोलली, "मैनाताई, लागलं."
टॅब: "अरेरे. कुठे लागलं? पूर्ण वाक्यात सांग बरं."
"माझ्या ओठाला लागलं आहे."
"शाबास रेवा."
तारा पडला. काचेवर रक्ताचे थेंब. मी बर्फ हातात घेऊन मागे उभी.

१० सप्टेंबर, बुधवार
भांडली. बरं झालं भांडली. नि.ला बोलली, तुला दिसत नाही का काय होऊन राहिलंय? पोर लागल्यावर आईकडे नाही जात, आजीकडे नाही जात, डब्ब्याकडे जाते. सा. बोलली, "आई, ती शांतपणे सांगायला शिकली, हे चांगलं नाही का?" पण तिचा आवाज बारीक झाला होता. तिला पण ते रक्त दिसलं होतं.

१४ सप्टेंबर, रविवार
सा.ने तोड काढली. त्या टॅबमध्ये मैनाताईऐवजी घरच्या माणसाचा आवाज घालता येतो म्हणे. आपला आवाज एकदा भरला की मग तो टॅब आपल्या आवाजात गोष्टी सांगतो, बोलतो, सगळं.

"तुमचाच आवाज असला की ती तुमच्याशी जोडलेली राहील, आई. आणि भाषाही बरोबर राहील."

नि. बोलला, "आई, भारी आयडिया आहे यार." टुंग. रेवा जवळच होती.

मी विचार केला. निदान आवाज तरी माझा. हो बोलली.

१६ सप्टेंबर, मंगळवार
आवाज भरला. पडद्यावर वाक्य येतं, ते वाचायचं. "आज आकाश निरभ्र आहे." "बागेत सुंदर फुले उमलली आहेत." आयुष्यात कधी अशी बोलली नाही मी. बिजली ऑफिसात सर्व्हिस केली, लोकांच्या शिव्या खाल्ल्या, शिव्या दिल्या, पण निरभ्र काही बोलली नाही. मध्येच वैताग येऊन "बस झालं आता, थक गई" बोलली तर ते वाक्य त्याने घेतलंच नाही. परत वाचायला लावलं.

शेवटी पडद्यावर आलं, तुमचा आवाज तयार आहे.

मग तो बोलला. "रेवा बाळा, इकडे ये. आजी तुला गोष्ट सांगते."

माझा आवाज. माझा तो थोडा बसका सूर, शब्दाच्या शेवटी येणारा श्वास, सगळं. फक्त मी रेवाला कधी बाळा नाही म्हटलं. मी बेटा म्हणते. रेवाने टॅब उचलून छातीशी धरला. माझ्याकडे बघितलं सुद्धा नाही.

२५ सप्टेंबर, गुरुवार
मैनाताई गेली, आता तिथे मी आहे. दिवसभर माझा आवाज घरात फिरतो आणि मी खुर्चीत गप्प बसलेली असते. सा. कॉलेजातून आली की हॉलमध्ये माझा आवाज ऐकून बोलते, "आई, चहा टाकू का?" मग बघते तर मी आतल्या खोलीत.

आज आतून ऐकलं. रेवा सांगत होती, शाळेत एका मुलाने तिचा डबा सांडला, टीचर तिलाच रागावली, ती बाथरूममध्ये जाऊन रडली. टॅबमधली मी बोलली, "तुला खूप वाईट वाटलं असेल, बाळा." बरोबरच बोलली. मीही तेच बोलली असती, दुसऱ्या शब्दांत.

मी बाहेर आली, विचारलं, काय झालं शाळेत?
"मी आजीला सांगितलं."
"मी आजीच आहे ना."
माझ्या तोंडाकडे नीट बघितलं. विचार केला. मग एकदम प्रेमाने, समजावून सांगावं तसं बोलली, "नाही. तू दुसरी आजी आहेस."

सा.ला सांगितलं. ती हसली. मग हसू थांबलं. "लहान आहे हो," बोलली.

५ ऑक्टोबर, रविवार
रेवा आत्ता झोपली, मग वही घेतली.

संध्याकाळी गेटसमोर रेवा खडूने घरं काढत होती. मी झाडांना पाणी देत होती. शेजारच्या शर्माजींची गाडी आतून उलटी निघाली. त्यांना खाली बसलेली पोर कशी दिसणार. मी ओरडली, "रेवा, हट! बेटा, रुक जा, हट तिथून!" पूर्ण गल्लीने ऐकलं. तिने ऐकलं, मी बघितलं तिने ऐकलं. मान थोडी वळली. आणि परत खडू घेऊन घराला खिडकी काढू लागली.

शर्माभाभींनी गाडीच्या मागे जोरात हात आपटला म्हणून शर्माजींनी ब्रेक मारला. पोरीपासून हातभर अंतरावर. मी तिला ओढलं, एक चापट मारली, मग छातीशी धरून बसली तिथेच रस्त्यावर. शर्माजी बिचारे गाडीतून उतरून भिंतीला टेकून राहिले.

विचारलं, "आवाज नाही आला तुला?"
"आला."
"मग?"
"तू हाक मारलीस. आजीने नाही मारली. आजी असं बोलत नाही."

६ ऑक्टोबर, सोमवार
टॅब बंद. सा.नेच स्वतः बंद करून बेडरूमच्या कपाटात टाकला, चावी नि.जवळ. रात्रभर झोपली नाही बिचारी, डोळे सुजलेले. सकाळी माझ्यासमोर हात जोडले. "आई, तुम्ही हिंदी बोला, माळवी बोला, काहीही बोला. पण तिच्याशी बोला." मी तिचे हात खाली केले. तिचा काय दोष, पोरीचं चांगलंच बघत होती. आणि आवाज तर मीच दिला होता.

आज दिवसभर मी बोलली. मनसोक्त. बेटा, लाडो, शेरनी, सगळं. नि. पण दारातून ओरडला, "कहां गई मेरी शेरनी." घर परत घरासारखं वाटलं.

रेवा मात्र एक शब्द बोलली नाही. पहिला दिवस आहे, रुसली असेल.

११ ऑक्टोबर, शनिवार
रुसलेली नाही. रुसलेलं पोर मला समजतं, एक पोर वाढवलंय मी. ही रडत नाही, मागत नाही, पाय आपटत नाही. नुसती वाट बघते. आम्ही बोललो की तोंडाकडे बघत राहते, मग दुसरीकडे बघते. आईशीही नाही बोलत, बापाशीही नाही. जेवण अर्धं. शाळेतूनही फोन आला.

बेडरूममध्ये कपाटासमोर बसलेली असते. कपाटाच्या दाराला कान लावते.

१३ ऑक्टोबर, सोमवार
झाडू मारताना कपाटाखाली मुंग्यांची रांग दिसली. दाराच्या फटीतून बिस्किटं आत सरकवलेली. चार-पाच असतील, अर्धी-अर्धी. स्वतः अर्धं खाते आणि अर्धं तिला देते.

मी तिथेच खाली बसून रडली. नंतर मुंग्या झाडल्या. बिस्किटं तशीच ठेवली.

१६ ऑक्टोबर, गुरुवार
डॉक्टरकडे गेलो, लहान मुलांच्या बोलण्याच्या डॉक्टर, तरुण बाई. कान तपासले, चांगले आहेत. खेळवून बघितलं. रेवा सगळं करते, बोलत नाही. नि.ने विचारलं, "टॅब थोडा-थोडा द्यायचा का परत?" नाही म्हणाल्या. सा.ने विचारलं, "मग आम्ही तसं बोललो तर? त्या आवाजासारखं, शुद्ध?" त्या बाईंनी पेन खाली ठेवलं. बोलल्या, "ते तर मुळीच करू नका. तिला खरी माणसं कोणती हेच आत्ता शिकायचंय. तुम्ही जसे आहात तसे बोला. ती येईल. पण वेळ लागेल, आणि त्या वेळात तुम्हाला फार त्रास होईल."

बरोबर बोलल्या. दिवाळीनंतर, सहा नोव्हेंबरच्या गुरुवारी परत बोलावलंय.

२० ऑक्टोबर, सोमवार
दिवाळी. पणत्या लावल्या. काल नि. तिला खांद्यावर घेऊन सराफ्यात, रात्रीच्या खाऊबाजारात गेला, भुट्ट्याचा कीस आवडतो म्हणून. पानाचा दोना हातात धरून उभी राहिली, गार झाला तरी खाल्ला नाही. चेहरा एवढासा झालाय. फ्रॉक खांद्यावरून उतरतो.

मी बोलत राहते, डॉक्टरांनी सांगितलं म्हणून. बोलून बोलून घसा बसतो. भिंतीशी बोलावं तसं. आज पहिल्यांदा वाटलं, माझी भाषा तिला बोलणंच वाटत नाही. गल्लीत कुत्रं भुंकलं की जशी बघते तशी बघते माझ्याकडे.

२६ ऑक्टोबर, रविवार
कालपासून रेवाच्या पोटात अन्न नाही. दुधाचे दोन घोट. सा. देवासमोर बसली होती, नि. हॉलमध्ये.

मी वरणभात घेऊन बेडरूममध्ये गेली. ती कपाटाकडे तोंड करून बसलेली, पाठ माझ्याकडे. मानेचं हाड दिसत होतं. ते हाड बघितलं आणि मला काय झालं माहीत नाही. मी ठरवलं नव्हतं. तोंडातून निघालं, हळू, एकेक शब्द सुटा करून, जसं त्या दिवशी वाचून घेतलं होतं तसं.

"रेवा बाळा, इकडे ये. आज आपण वरणभात खाऊया."

ती वळली. आधी कपाटाकडे बघितलं, बंद होतं. मग माझ्याकडे. उठून आली. माझ्या गालाला हात लावला, मग गळ्याला, जिथून आवाज येतो तिथे.

"तू बाहेर आलीस?"
"हो बाळा."
"आत अंधार होता?"
"हो," म्हटलं.
"बिस्किटं मिळाली?"
"मिळाली."

पूर्ण वाटी खाल्ली. परत मागितली. पूर्ण वाक्यात.

नि. धावत आला. "टॅब कोणी काढला?" मी नाही म्हणून मान हलवली. त्याने माझ्याकडे बघितलं, मग कपाटाच्या कुलपाकडे. "आई, हे नको करू. प्लीज. डॉक्टर काय बोलल्या?" रेवा माझ्या मांडीवर होती, गळ्यात हात टाकून. इतक्या महिन्यांनी. मी त्याला खुणेने बाहेर जायला सांगितलं.

२९ ऑक्टोबर, बुधवार
दिवसभर बोलते. शाळेतलं, स्वप्नातलं, खारीचं, ढगाचं. सगळं मला. गाल भरायला लागलेत. तिचे हात गळ्यात पडले की मला दुसरं काही सुचत नाही, डॉक्टरही नाही आणि नि.ही नाही. ज्याला चूक म्हणायचं असेल त्याने म्हणावं. पोर जेवते आहे.

पण शब्द सांभाळावा लागतो. आज दूध उतू गेलं आणि मी बोलून गेली, "अरे बाप रे, सगळं दूध उफन गया." तिने माझा पदर सोडला. दोन पावलं मागे गेली. डोळे असे की जणू मी कोणी चोर घरात शिरली आहे. मी लगेच सावरलं, "दूध उतू गेलं बघ, बाळा." बराच वेळ बघत राहिली. मग जवळ येऊन कानात बोलली,
"ती आली होती?"
"कोण?"
"दुसरी आजी."
"गेली ती," म्हटलं.

सा. दारात उभी होती. खुश आहे की घाबरली आहे ते समजत नाही. "आई, तुम्हाला असं बोलणं जड जात असेल तर..." पुढे बोलली नाही. ती पण आता वाक्यं अर्धी सोडते.

३१ ऑक्टोबर, शुक्रवार
नि. माझ्याशी बोलत नाही. काल रेवा झोपल्यावर मी त्याला हाक मारली, "निखिल, थोडं ऐकतोस का?" त्याच स्वच्छ आवाजात, सवयीने. तो दचकला. बोलला, "आई, माझ्याशी तरी आपलं बोल." मी बोलायला गेली आणि पहिला शब्दच सापडेना. एवढा वेळ गेला की तोच उठून गेला.

२ नोव्हेंबर, रविवार
दुपारी निखिल आणि सायली बाजारात गेले. गुरुवारी डॉक्टरांकडे जायचे आहे. सायलीने जाताना विचारले, त्यांना खरे काय ते सांगायचे ना? मी म्हणाले, सांगू.

रेवा झोपली होती. देवासहून माझ्या बहिणीचा, कुसुमचा फोन आला. मी फोन घेऊन गच्चीवर गेले आणि जिन्याचे दार ओढून घेतले. कुसुम म्हणाली, "काय गं, अशी काय बोलून राहिलीस, बीमार आहेस का?" आणि मग मला आवरेना. "अरे यार कुसुम, काय सांगू तुला, तोंड आंबून गेलं माझं." मी तिला सगळे सांगून टाकले. तिच्या नणदेची चेष्टा केली, शर्माभाभींची नक्कल केली. किती दिवसांनी मी मोठ्याने हसले. कपडे वाळत होते, ऊन छान होते.

मागे कडी सरकल्याचा आवाज आला.

दार आतून बंद होते. मी घाबरले. "रेवा, बेटा, खोल ना. काय करून राहिलीस?" आतून तिच्या चपलांचा आवाज आला. ती एक पायरी खाली उतरली. मग आणखी एक. कुसुम फोनवर हॅलो हॅलो करत होती. मी फोन बंद केला.

मग म्हणाले, "रेवा बाळा, मी आहे. दार उघड पाहू."
"कोण?"
"आजी."
"ती तुझ्याबरोबर आहे का?"
मी मागे वळून पाहिले. मला पाहण्याची काही गरज नव्हती. "नाही बाळा. मी एकटीच आहे."

दार जरासे उघडले. तिने आधी माझ्या पायांकडे पाहिले, मग माझ्या मागे. चेहरा रडून ओला झाला होता. "ती वर बोलत होती. हसत होती."
"हो."
"लवकर आत ये."

माझा हात धरून तिने मला आत ओढले आणि दोन्ही हातांनी दार लोटले. म्हणाली, "नाही तर ती खाली येईल." खालची कडी तिने लावली. वरच्या कडीला तिचा हात पुरत नाही. ती मी लावली.